मा. महसूलमंत्र्यांना खुलं पत्र: दप्तर तुमचं, मग शोधायचा खर्च आमचा का?

मा. महसूलमंत्री साहेब,
महाराष्ट्र राज्य, मुंबई

सा.न.वि.वि.

मी नाशिकला सिडकोत राहतो, अंबडला एका कंपनीत कामाला आहे. कुठल्या पक्षाचा वगैरे नाही, हे आधीच सांगून टाकतो, कारण हल्ली जन्मदाखल्याबद्दल तोंड उघडलं की लोक आधी विचारतात तू कोणत्या बाजूचा. मी आपला जन्माच्या आणि नागरिकत्वाच्या कागदांसाठी लाईनीत उभा राहणारा माणूस आहे आणि लाईनीत काय काय खर्च होतो तेवढंच सांगायचंय.

नागरिकत्व कायदा १९५५ चा, केंद्राचा, ते तुमच्या हातात नाही हे मला कळतं. पण त्या कायद्याला लागणारे जवळपास सगळे कागद तुमच्या खात्यातून नाहीतर तुमच्या खात्याच्या शेजारच्या टेबलावरून निघतात म्हणून तुम्हाला लिहितोय. त्यातल्या कलम ३ च्या तारखा अशा आहेत की आमच्या वन बीएचकेत तीन वेगवेगळे नियम राहतात. मी १९८१ चा, म्हणजे १ जुलै १९८७ च्या आधीचा, मी भारतात जन्मलो एवढं पुरतं. बायको १९८९ ची, तिला आई किंवा बाप यातलं एक जण भारतीय होतं हे दाखवावं लागतं. मुलगी २००७ ची, ३ डिसेंबर २००४ नंतरची, तिचे आईबाप दोघंही नागरिक पाहिजेत, किंवा एक नागरिक आणि दुसरा बेकायदा आलेला नको. म्हणजे मुलीचं सिद्ध करायला बायकोचं सिद्ध करा, बायकोचं करायला सासऱ्यांचं, आणि सासरे गेले तेव्हा त्यांच्या खिशात तंबाखूची पुडी सापडली, जन्मदाखला काही सापडला नाही.

आधार आहे ना, असं सगळेच म्हणतात. आधार कायद्याच्या कलम ९ मध्येच लिहिलंय की आधार म्हणजे नागरिकत्वाचा पुरावा नाही, आणि ऑगस्ट २०२५ मध्ये मुंबई हायकोर्टानंही एका केसमध्ये सांगितलं की आधार, पॅन, मतदार कार्ड हातात आहे म्हणून माणूस नागरिक ठरत नाही. त्याच वर्षी बिहारमध्ये मतदारयाद्यांची फेरतपासणी झाली तेव्हा ह्याच तारखांचे तीन गट फॉर्मवर आले, अमुक सालाआधीचे असाल तर स्वतःचा कागद, नंतरचे असाल तर त्याच्यासोबत आईचा नाहीतर बापाचा, त्याच्याही नंतरचे असाल तर दोघांचा. सुप्रीम कोर्टानं सांगितल्यावर आधार बारावा कागद म्हणून घ्यायला लागले, तोही ओळखीपुरताच. ते बातम्यांत बघून आमच्या गल्लीत लोकांनी पलंगाखालच्या पेट्या काढल्या, त्यात आम्हीपण.

बायकोचं माहेर सुरगाणा तालुक्यात. तिचे आईवडील दिवाळी झाली की टोळीबरोबर गुजरातेत बारडोलीच्या बाजूला ऊसतोडीला जायचे, तिकडची लोकं त्यांना कोयतावाले म्हणतात. ती तिकडेच कोपीत, म्हणजे टोळीच्या झोपडीत जन्मली. सासूबाईंना विचारलं गाव कोणतं होतं, तर म्हणाल्या, "मुकादम नेईल ते गाव, आम्ही काय पाटी वाचत होतो का?" आता जन्म-मृत्यू नोंदणीचा कायदा १९६९ चा, त्यात जन्म जिथं झाला तिथंच नोंद करायची असं आहे. जिथं म्हणजे कुठं? कारखान्यानं पडाव हलवला की टोळी हलली, पाचटाच्या कोप्या मोडल्या आणि पुढच्या गावात बांधल्या. तिकडच्या कुठल्या तलाठ्याकडे जाऊन सांगणार की साहेब, छत्तीस वर्षांपूर्वी तुमच्या हद्दीत बहुतेक आमची बायको जन्मली.

म्हणून जन्मदाखल्याचा नाद सोडला आणि सासऱ्यांच्या मागं लागलो, म्हणजे त्यांच्या कागदांच्या. गावच्या झेडपी शाळेत मुख्याध्यापकांनी कपाटाच्या वरच्या फळीवरून लाल फडक्यात बांधलेलं जुनं रजिस्टर काढलं, पानांच्या कडा वाळवीनं खाल्लेल्या, गुरुजी बोट न लावता पोस्टकार्डानं पान उलटत होते. सासऱ्यांचं नाव मिळालं, पण घरात हाक मारायचे ते नाव, आडनावाच्या जागी नुसतं गावाचं नाव, आणि जन्मतारीख १ जून. त्या पानावर निम्म्या पोरांची जन्मतारीख १ जून आहे, तुम्हीपण ग्रामीण भागातले आहात, तुम्हाला हे समजावून सांगायला नको. सातबाऱ्यावर पूर्ण नाव, रेशनकार्डावर ऱ्हस्व-दीर्घ चुकलेलं, तीन कागद तीन नावं. मग हे तिघं एकच इसम होते असं अ‍ॅफिडेव्हिट करा, ते कोणी करायचं, तर बायकोनं, जिचं स्वतःचं शाळेतलं नाव माहेरचं आणि आधारवरचं सासरचं, म्हणून आधी तिच्या दोन नावांचं वेगळं अ‍ॅफिडेव्हिट. १ मे २०२४ पासून जन्मलेल्या पोरांच्या सरकारी कागदावर आईचं नाव लावायचं हा निर्णय सरकारनं घेतला, चांगलाच घेतला. पण त्या आईचं नाव लग्नात बदललंय आणि तिच्या दोन नावांना जोडणारा धड एक कागद कुठं मिळत नाही, तिकडं कोणी बघितलेलं नाही.

आता अ‍ॅफिडेव्हिटवरच बोलतो. सरकारी कचेरीत द्यायच्या प्रतिज्ञापत्राला मुद्रांक लागत नाही ही माफी २००४ पासूनची आहे. ऑक्टोबर २०२४ मध्ये १०० चा स्टॅम्प बंद होऊन ५०० चा आला तेव्हा सगळीकडे गोंधळ झाला, मग मार्च २०२५ मध्ये तुमच्याच खात्यानं जाहीर केलं की जात, उत्पन्न, रहिवासी दाखल्यांना आणि सरकारी कचेरीतल्या प्रतिज्ञापत्रांना ५०० चा स्टॅम्प लागणार नाही, साध्या कागदावर चालेल. मी ती बातमी मोबाईलमध्ये दाखवली. एका कचेरीबाहेर टायपिंगवाल्यानं बातमी नीट वाचली, मान डोलावली आणि म्हणाला, "दादा बरोबर आहे तुमचं, पण आतमध्ये साधा कागद बघितला की बाजूला ठेवतात, तुम्ही बघा." आता तो खरं बोलतो की त्याचं स्टॅम्पचं दुकान आहे म्हणून बोलतो हे मला काय माहीत, आत विचारायला गेलो तर आतले म्हणतात बाहेर विचारा. शेवटी स्टॅम्प घेतला. दोन अ‍ॅफिडेव्हिट, दोन स्टॅम्प, टायपिंग वेगळं, नोटरी वेगळी. तरी आमच्याच नाशिकरोडच्या सिक्युरिटी प्रेसमध्ये स्टॅम्प पेपर छापतात आणि देशाचे पासपोर्टपण, त्यामुळे पैसे गावातच राहिले म्हणायचं.

मेहुणीचं प्रकरण अजून वेगळं. ती गावीच घरात जन्मली, सुईणीच्या हातून, तिची नोंद कोणी केलीच नाही. वर्षाच्या पुढं गेलेली नोंद पूर्वी मॅजिस्ट्रेटकडं जायची, २०२३ च्या दुरुस्तीनं ते काम जिल्हाधिकारी, प्रांत किंवा त्यांनी नेमलेल्या तहसीलदारांकडं आलं, तेव्हा वाटलं आता सोपं होईल. मग मालेगावातल्या उशिराच्या दाखल्यांवरून आरोप झाले, एसआयटी म्हणजे विशेष तपास पथक बसलं आणि २०२५ च्या सुरुवातीला सगळ्या राज्यात हे काम थांबलं. ज्यांनी खोटे दाखले काढले त्यांना धरा ना, आमचं काहीच म्हणणं नाही. पण त्यानंतर जे नवीन नियम आले त्यात जिच्याकडे खरंच काही नाही तीच जास्त भरडली जाते. आधी ग्रामपंचायतीकडून नोंद नसल्याचा दाखला, मग पुराव्यांसकट अर्ज, मग जाहीर नोटीस, मग पोलिसांचा अहवाल. नोटीस पेपरात दिली, चार ओळींचे बाराशे रुपये घेतले. मेहुणी दिंडोरीकडं द्राक्षबागेत जाते, विरळणीच्या टायमाला तिची टोळी असते, एक बाई कमी पडली की टोळीवाली दुसरी घेते आणि मग ती जागा गेली. अर्जाच्या फॉर्मवर फी किरकोळ दिसते हो, तिचा बुडालेला रोज कुठल्या रकान्यात लिहायचा? माझे कंपनीतले खाडे तर मी धरतच नाही, मला निदान सुट्टी मागता येते.

एजंटबद्दल लिहू की नको असं झालं होतं. पण तुम्ही नाशिकला आलात तर कुणालाही विचारा, फुल पॅकेज कितीला असतं ते. आणि खरं सांगायचं तर एजंट चोर आहे असं मी म्हणणार नाही, त्याला फक्त माहीत असतं की कोणता उतारा कोणत्या खोलीत आहे आणि कोणता माणूस कधी जागेवर असतो. ह्या माहितीचेच पैसे आहेत, बाकी कशाचे नाहीत.

इथंच माझं खरं म्हणणं आहे. सासऱ्यांचं रजिस्टर कोणाचं? झेडपीचं, सरकारचं. सातबारा कोणाचा? तुमच्या खात्याचा. गाव नमुना १४, ती जुनी कोतवाल बुकं, ज्यात गावातले जन्म-मृत्यू लिहायचे, ती कुठं आहेत? तुमच्या रेकॉर्ड रूममध्ये. म्हणजे सगळा पुरावा तुमच्याच घरात पडलेला आणि तो शोधून, नक्कल काढून, साक्षांकित करून, परत तुमच्याच दुसऱ्या टेबलावर नेऊन द्यायचं काम आमचं, आमच्या खर्चानं. आणि होत नाही असं म्हणू नका, कारण तुम्ही ते करून दाखवलंय. २०२३ ला न्या. संदीप शिंदे समिती नेमली तेव्हा हीच जुनी दप्तरं उघडली, जुनी मोडी लिपी वाचणारे बसवले, कुणबी नोंदी शोधल्या, ५० लाखांवर नोंदी सापडल्या, स्कॅन करून जिल्ह्यांच्या वेबसाईटवर टाकल्या. ते बरोबर की चूक हा वाद मला इथं करायचा नाही. सरकारनं मनावर घेतलं की सरकार स्वतःचं दप्तर स्वतः शोधतं, एवढंच मला त्यातून दिसलं. मग त्याच रजिस्टरांची त्याच पानांवरची जन्मनोंद का नाही चढवली? पान उघडलेलंच होतं ना!

त्र्यंबकला आमच्या क्षेत्रोपाध्यायांकडं, म्हणजे घराण्याच्या तीर्थपुरोहितांकडं गेलो होतो मध्ये, वडिलांच्या विधीला. गाव आणि आडनाव सांगितलं, त्यांनी नामावळीची वही काढली, पणजोबा कधी आले होते, कोणाबरोबर आले होते, त्यांची पोरं कोण, सगळं समोर ठेवलं, चहा येईपर्यंत. सरकार ती वही मानणार नाही हे ठीक आहे. पण दक्षिणेवर चालणारं एक घर पिढ्यान्पिढ्या हे सांभाळतं आणि तुमच्याकडं कर्मचारी, सर्व्हर, इमारती सगळं असून 'रेकॉर्ड जीर्ण आहे, नक्कल देता येत नाही' असा शेरा मिळतो, हे मात्र मला पटत नाही.

आणि मुलीच्या दाखल्याचं सांगायचं राहिलं. ॲडमिशनसाठी तिचं वय, अधिवास व राष्ट्रीयत्व प्रमाणपत्र काढलं. केंद्रावरचं सेवाशुल्क २०२५ मध्ये २० चं ५० झालं, त्याचं काही नाही, देऊ. लोकसेवा हक्क कायदा २०१५ पासून आहे, मुदत ठरलेली आहे, उशीर केला तर ५०० ते ५००० दंड पण आहे, फक्त मुदत संपत आली की अर्जाला त्रुटी निघते आणि घड्याळ परत पहिल्यापासून. असो, मिळालं एकदाचं. त्यावर सरकारनं स्वतः लिहिलंय की ही भारताची नागरिक आहे, माझी कागदपत्रं बघूनच लिहिलंय, खाली डिजिटल सही आहे. पण उद्या तिला कोणी विचारलं तर हा दाखला बाजूला ठेवून परत बापाचा कागद आण, आईचा आण, आजोबाचा आण, हे सुरू होणार. तिच्या पोरांना तर अजून एक पिढी जास्त आणावी लागेल.

म्हणून मागतोय ते एवढंच. एका माणसाचं एकदा तपासून झालं की तो निकाल त्याच्या पोराबाळांच्या अर्जाला आपोआप लागू द्या, जातपडताळणीत वडिलांची व्हॅलिडिटी लावतात तसं. सरकारी कागदाची एका सरकारी खात्यातून दुसऱ्या खात्यात जायची जबाबदारी सरकारची ठेवा, आमची नको. कोतवाल बुकं आणि शाळांची प्रवेश-निर्गम रजिस्टरं स्कॅन करा, आदिवासी तालुक्यांपासून सुरुवात करा, कारण तिथं वाळवी आणि पाऊस दोन्ही जास्त. आई ऊसतोडीला असताना रस्त्यात, कोपीत, परराज्यात जन्मलेल्यांची नोंद आईच्या गावात करायची सोय हवी, त्यासाठी केंद्राशी बोलावं लागेल तर बोला, महाराष्ट्राएवढे ऊसतोड मजूर दुसरं कोण पाठवतं? जाहीर नोटीस ग्रामपंचायतीच्या बोर्डावर आणि जिल्ह्याच्या वेबसाईटवर लावा, बाराशे रुपये वाचतील आणि खरं तर गावातला बोर्डच लोक जास्त वाचतात.

स्टॅम्पचं तर नवीन काही करायचंच नाहीये. तुमचा निर्णय झालेला आहे. तो मोठ्या अक्षरात, मराठीत, प्रत्येक तहसील, प्रांत आणि सेतूच्या दारावर लावायला सांगा, आणि खाली एक फोन नंबर टाका जो कोणीतरी उचलेल.

कळावे,
सिडको, नाशिक येथील एक रहिवासी