काजं आणि बरणी

खानापूर, गुरुवार

प्रिय शालू,

आम्ही ठीक, यांची शुगर ताब्यात आहे. लिहायचं कारण वेगळंच. धाकटी कुंभारकाम शिकतेय ना, काल तिनं स्वतःची मातीची बरणी चाकावरच सुतानं उभी कापली. शिकवणाऱ्या मामांनीच सांगितलं होतं, भिंत आतून बघायला. बुडाशी बोटभर जाड, गळ्याशी पापडाएवढी पातळ. मामा म्हणाले, "उद्यापासून परत सरळ नळाच." म्हणजे नुसतं सरळ नळकांडं ओढत बसायचं. पोरगी घरी आली ती जेवलीच नाही.

तिला कळत नाही असं नाही गं. पातळ कड आधी सुकून आकसते, जाड बूड ओलं राहतं आणि तडा जातो, हे ती मलाच समजावते. आत ओल राहिली तर भट्टीत वाफेनं भांडं फुटतं. भाजून झाल्यावरही घाईनं दार उघडायचं नाही, कारण 573 अंश सेल्सिअसच्या आसपास मातीतल्या क्वार्ट्झचं आकारमान एकदम बदलतं. त्यात आपल्याकडचा पाऊस! मलप्रभा दुथडी, फळीवरची भांडी सुकायचं नाव घेत नाहीत. सगळा थांबण्याचाच धंदा. पण तिची वही बघ की एकदा: चोचीतून पाणी पडणारी मोराची सुरई, खिडक्याखिडक्यांचा दिवा. रोज तोच नळा ओढता ओढता ही वहीच बंद पडेल, एवढीच मला धास्ती.

तेव्हा तूच आठवलीस. शहापूरचा शिवणक्लास! वर्तमानपत्रावर कटिंग, चिंधीवर काजं, परत काजं. तुझा झालरींचा पिवळा फ्रॉक मनात शिवून तयार, आणि बाईंचं आपलं "आधी काजं". तू कात्री टाकून उठलीस. मी तुला धरसोड म्हणाले, तू मला काजांची राणी; दिवाळीपर्यंत अबोला! काजं लागतातच, हे मी आजही म्हणेन. हात वळल्याशिवाय मनातलं कापडावर उतरत नाही. पण बाईंनी मधूनच तुला तो फ्रॉक शिवू द्यायला हवा होता, वाकडा तर वाकडा. तुझ्यासारखी नजर त्या क्लासात कुणाचीच नव्हती, आणि तू पुन्हा मशीनला हात लावला नाहीस. मला अजून हळहळ वाटते.

म्हणून आज मामांना भेटले. रविवारी उरलेल्या मातीचं तिला हवं ते करू द्या, फुटलं तर फुटू दे, म्हटलं. ते हो-नाही काहीच बोलले नाहीत. तू तिला फोन कर. माझं ऐकायची नाही, तुझं ऐकेल. फ्रॉकचं सांग, सोडल्यावर काय वाटलं तेही सांग.

पुण्यातलं घर लागलं का? सुनेला कितवा महिना? गणपतीला ये, कुंदा आणून ठेवते.

तुझी,
सुमी