जप्त झालेल्या पिकअपच्या निमित्ताने वकील मॅडमना अनावृत आभारपत्र

आदरणीय वकील मॅडम,
सविनय नमस्कार.

वनविभागाने जप्त केलेली माझी पिकअप लेखी आदेशाने परत मिळाली. याचे श्रेय आपले आहे, आणि ते चारचौघांत सांगावे म्हणून हे पत्र उघडपणे लिहीत आहे. गाडीपेक्षाही मोठा उपकार म्हणजे, अशा प्रसंगी कायद्याने मालकाला काय दिले आहे आणि काय दिलेले नाही, हे आपण मला आडपडदा न ठेवता सांगितलेत.

व्यापाऱ्याने खासगी मालकीचे सागवान म्हणून माल भरला आणि चालकाच्या हाती वाहतूक परवाना दिला. परंतु नाक्यावरील तपासणीत परवान्यातील नग आणि गाडीतील नग जुळले नाहीत, काही ओंडक्यांवर तर हातोड्याचा शिक्काच, म्हणजे तपासलेल्या लाकडावर ठोकलेली अधिकृत खूणच, नव्हता. भारतीय वन अधिनियम, १९२७ च्या कलम ५२ खाली मालाबरोबर गाडीही जप्त झाली. जंगलाच्या गुन्ह्यातील गाडी सरकारजमाच होते, असे काहींनी सांगितले. दंडाधिकाऱ्यांकडे अर्ज केला की ती लगेच सुपुर्दनाम्यावर, म्हणजे मागेल तेव्हा हजर करण्याच्या लेखी हमीवर, सुटते, असे इतरांचे म्हणणे होते.

यांपैकी कशावरही विसंबू नका, असे आपण पहिल्याच भेटीत बजावलेत. महाराष्ट्राने या अधिनियमात घातलेल्या कलम ६१ ए खाली गाडी सरकारजमा करण्याचा अधिकार प्राधिकृत वन अधिकाऱ्याला आहे, आणि कलम ६१ जी मुळे गाडीच्या ताब्याबाबत इतर न्यायालयांचा हात बराच आखडलेला आहे. मात्र कलम ६१ बी प्रमाणे लेखी नोटीस देऊन म्हणणे विचारात घेतल्याशिवाय तसा आदेश काढता येत नाही, आणि मोटार वाहनाच्या बाबतीत, शक्य असेल तेथे, ही नोटीस नोंदणीकृत मालकाला द्यावी लागते. नोटीस म्हणजे निकाल नव्हे, हे आपले वाक्य ऐकले तेव्हा मला जरा धीर आला.

त्याच कलमातील पुढची अट आपण मला दोनदा वाचून दाखवलीत, कारण बहुतेक मालक तिथेच अडकतात. ‘मला माहीत नव्हते’ एवढे म्हणून भागत नाही. गाडीचा वापर मालक, त्याचा प्रतिनिधी असल्यास तो, आणि गाडी ज्याच्या ताब्यात होती तो चालक, या सर्वांच्या नकळत व संगनमताशिवाय झाला, शिवाय प्रत्येकाने आवश्यक ती खबरदारी घेतली होती, हे मालकालाच सिद्ध करावे लागते. म्हणून आपण चालकाला समोर बसवून बारकाईने विचारलेत. त्याने माल भरताना परवान्याचा फोटो काढून मला पाठवला होता. तो फोटो, भाड्याच्या नोंदीची वही आणि व्यापाऱ्याशी झालेले संदेश आपण तारीखवार लावलेत. पंचनाम्यातील प्रत्येक नगाची लांबी आणि गोलाई परवान्याशी ताडून, कोणते नग परवान्यातले आणि कोणते बाहेरचे, याचा तक्ताही आपण स्वतःच्या हाताने केलात. ओंडक्यांच्या ढिगात शिक्का नसलेले नग चालकाच्या नजरेस का आले नसतील, हे त्या तक्त्यामुळेच सुनावणीत समजावता आले.

आपल्या सचोटीचा उल्लेख राहून गेला तर हे पत्र अपुरे ठरेल. जप्त वाहने पोलीस ठाण्यांत कुजत ठेवू नयेत, असे सर्वोच्च न्यायालयाने २००२ साली सुंदरभाई देसाई प्रकरणात म्हटले, हे मी कुठेतरी ऐकून आलो होतो. आपण लगेच २००० सालचा कर्नाटक राज्य विरुद्ध के. कृष्णन हा निर्णय पुढे ठेवलात, ज्यात वनगुन्ह्यातील वाहने सहसा सोडू नयेत अशी कडक भूमिका आहे. मला खोटी आशा दाखवणे सोपे होते. आपण तसे केले नाही. सागवानाची चोरी आमच्या भागातील जंगल पोखरते, त्यामुळे कायदा कडक असण्याबद्दल माझी मुळीच तक्रार नाही. निर्दोष मालकाचे म्हणणे ऐकण्याची जी जागा त्याच कायद्यात ठेवली आहे, ती त्याला ठाऊक असावी, एवढेच मला वाटते.

निकाल विरुद्ध गेला असता तर कलम ६१ डी खाली ३० दिवसांत सत्र न्यायाधीशांकडे अपील करायचे, याचा मसुदाही आपण आधीच तयार ठेवला होता. व्यापाऱ्याविरुद्धचा फौजदारी खटला वेगळा आहे आणि त्यात मला साक्षीला यावे लागेल, हेही आपण सांगून ठेवले आहे. मी अवश्य येईन. आपण केलेला तो तक्ता आता आमच्या भागातील इतर गाडीमालकांना, नावे झाकून, दाखवण्याची परवानगी असावी, ही विनंती.

आपला ऋणी,
चंद्रपूर जिल्ह्यातील एक पिकअप मालक