महालातली फेरी तलावाच्या पाळीवरून सुरू करा

महोदय,

थंडी पडू लागली की नागपुरात हेरिटेज वॉकचे वेळापत्रक निघते. महाल या जुन्या भागातली फेरी सहसा गांधी गेटपाशी भरते. तिथे जमायला सोपे जाते आणि पहिला फोटोही लगेच मिळतो. आमची सूचना एवढीच आहे की ही फेरी थोडी मागून, शुक्रवारी तलावाच्या पाळीवरून सुरू व्हावी आणि नागनदीच्या काठी संपावी. महाल या दोन पाण्यांच्या मधे वसलेला आहे. तलाव न दाखवता दरवाजा दाखवला, तर तो नेमका तिथेच का आहे याचे उत्तर शेवटपर्यंत मिळत नाही.

गोंड राजा बख्त बुलंद शाहाने १७०२ च्या सुमारास राजापूर बारसा म्हणून ओळखल्या जाणाऱ्या बारा वाड्यांच्या जागी हे शहर वसवले, हे बहुतेक वाटाडे सांगतात. पुढे त्याचा वारस चांद सुलतानाने तट बांधला, वेशी उभारल्या आणि तटाबाहेर पश्चिमेला पिण्याच्या पाण्याचा तलाव केला, यावर मात्र ते एका वाक्यात उरकतात. तलावाला जुम्मा तलाव, शुक्रवारी तलाव आणि गांधीसागर अशी तीन नावे आहेत. ऑटोवाल्याला शेवटचे नाव सांगावे. जमण्याची जागा म्हणून ‘रमण विज्ञान केंद्रासमोर’ असे कळवले तर कुणी चुकत नाही.

पाळीवर किमान पंचवीस मिनिटे द्यावीत. तलाव जवळजवळ आयताकृती आहे, भोवती दगडी भिंत आणि लोखंडी कठडा आहे. इथे आधी कठड्यापलीकडचे पाणी नव्हे, तर मागचा चढ दाखवावा. नागनदीकडे उतरणारे पावसाचे पाणी अडवून हा तलाव भरत असे. तो उतार आता घरे, दुकाने आणि सिमेंटच्या रस्त्यांखाली गेला आहे. पाणी येण्याच्या वाटा बुजल्या आणि सांडपाण्याच्या उघडल्या. पाणी हिरवे का, असे फेरीत कुणी ना कुणी विचारतेच, म्हणून उत्तर तयार ठेवावे. सांडपाण्यातल्या खतासारख्या द्रव्यांवर शेवाळ माजते. रात्री तेच शेवाळ पाण्यातला प्राणवायू ओढून घेते आणि उन्हाळ्यात, पाणी तापलेले आणि कमी असताना, पहाटे मासे उलटतात. गणपतीच्या दिवसांत पाळीवर कृत्रिम हौद ठेवतात, त्याचेही कारण इथेच सांगून टाकावे. शाडूची मूर्ती पाण्यात काही वेळात विरघळते, पीओपीची विरघळत नाही.

पाळीवरूनच एम्प्रेस मिलची गोष्ट सांगायची. जमशेटजी टाटांनी गिरणीसाठी तलावालगतची दलदलीची जागा निवडली. रेल्वे जवळ, पाणी जवळ आणि कापूस पिकवणारा मुलूख भोवती, असा त्यांचा हिशेब होता. जमिनीत भराव घालायचाच खर्च इतका की एका स्थानिक सावकाराने कर्ज नाकारले. हा माणूस सोने मातीत गाडतो आहे, असे त्याला वाटले. पुढे गिरणी चालली तेव्हा त्याच सावकाराने कबूल केले म्हणतात की माती घालून सोने काढले गेले. १ जानेवारी १८७७ ला, राणी व्हिक्टोरियाला हिंदुस्थानची सम्राज्ञी जाहीर केले त्याच दिवशी, गिरणी सुरू झाली, म्हणून हे नाव. आज त्या जागेवर मॉल आणि निवासी इमारती आहेत. गिरणीची धुरा वाहणाऱ्या बेझनजी मेहतांचे नाव रस्त्याला आहे, एवढी खूण हाताशी असते. तेवढी पाटी दाखवून पुढे निघावे, मॉलमध्ये शिरू नये. शिरले की अर्धा गट तिथेच राहतो.

तिथून टिळक पुतळ्याकडून गांधी गेट, म्हणजे जुना जुम्मा दरवाजा. हा भोसल्यांनी बांधला असे बेधडक सांगितले जाते. तो चांद सुलतानाच्या काळातला आहे. भोसले इथे स्थिरावले ते त्यानंतर, पहिल्या रघूजींबरोबर. नोव्हेंबर १८१७ ची सीताबर्डीची लढाई सगळ्यांना ठाऊक असते, पण तिचा पुढचा भाग या दरवाजापाशी घडला आणि तो सांगितला जात नाही. डिसेंबरात अप्पासाहेब भोसले इंग्रजांच्या स्वाधीन झाले, तरी भोसल्यांच्या चाकरीतल्या अरब शिपायांनी शहर सोडले नाही. जनरल डव्हटनच्या फौजेने जुम्मा दरवाजाच्या बाजूने तोफा लावल्या आणि २४ डिसेंबरला हल्ला केला. तो फसला. अरब बाहेर पडले ते काही दिवसांनी, अटी ठरवून. पाळीवरून चालत दरवाजापर्यंत आलेल्या माणसाला हे अंतर पायांनी कळलेले असते. हल्ला करणाऱ्याला किती उघड्यावरून यावे लागले असेल, हे त्याला समजावून सांगावे लागत नाही.

सकाळच्या फेरीची एक अडचण आहे. तलावाकडून महालात जाताना ऊन समोरून डोळ्यांवर येते आणि दरवाजाची बाहेरची बाजू सावलीत राहते. फोटोसाठी दरवाजा ओलांडून मागे वळावे. उजेडाच्या दृष्टीने संध्याकाळ बरी, पण संध्याकाळी बडकस चौकातून पंधरा माणसे रांगेत नेणे शक्य नाही. डिसेंबर-जानेवारीत सूर्य पावणेसातच्या आसपास उगवतो, म्हणून सातला जमावे. मार्चपासून सहाला जमावे. एप्रिल-मे मध्ये फेरी न ठेवणेच शहाणपणाचे. दुकाने साडेनऊ-दहाला उघडू लागतात आणि रस्त्याकडेला दुचाकींची रांग लागते. त्याआधी गांधी गेट, बडकस चौक, कोतवाली हा पट्टा ओलांडलेला असला पाहिजे. पाळीवरून उशिरा निघाले की पुढचे सगळे गर्दीत सापडते, आणि मग वाटाड्या रेंगाळणाऱ्यांवर चिडतो.

वाड्यांबद्दल थोडे सविस्तर लिहितो, कारण फेरीत सर्वांत जास्त थापा इथेच ऐकू येतात. ‘तीनशे वर्षे जुना’ हे विशेषण महालातल्या कुठल्याही लाकडी खांबाला लावले जाते. वय ठाऊक नसेल तर सांगू नये. बांधणी दाखवावी, ती समोर दिसते. खांब खालून वर पाहायचा. आधी तळखडा, म्हणजे खांबाखालचा दगड. तो जमिनीच्या वर उघडा आहे, की नवी फरशी चढवताना गाडला गेला आहे? गाडला असेल तर ओल थेट सागाला लागते आणि वाळवी तिथून वर चढते. वरून शाबूत दिसणारा खांब बोटाने वाजवला की पोकळ आवाज देतो. हे मालकाला विचारून करावे, तेही एकदाच. मग तुळई, तिच्याखालचे नक्षीचे घोडे, म्हणजे लाकडी आधार, दोन खांबांमधला खण. नक्षी बोथट दिसत असेल तर बहुधा ती झिजलेली नसते. ऑइलपेंटचे थरावर थर चढून ती बुजलेली असते. भिंतीला गुडघ्याइतक्या उंचीवर लोणा, म्हणजे क्षारांचा पांढरा थर, दिसला तर वर सिमेंटचा गिलावा आहे का पाहावे. चुन्याची भिंत ओल बाहेर सोडते. सिमेंटने तिला कोंडले की तीच ओल वर सरकते आणि पोपडे काढते.

आणि जोते, म्हणजे घराचा चौथरा. गल्लीत सिमेंटचा रस्ता झाला, जुना न उकरता त्यावर नवा ओतला, की वाड्याचे जोते तेवढे खाली जाते. जिथे तीन पायऱ्या चढून ओट्यावर जायचे, तिथे एक उरते. पावसाळ्यात पाणी ओसरीतून वाड्याच्या आतल्या चौकात शिरते. जुन्या पायऱ्यांपैकी किती गाडल्या गेल्या हे ज्या दाराशी स्पष्ट दिसते, तिथे गट थांबवावा. कोणत्याही माहितीफलकापेक्षा ते दार जास्त सांगते.

मोठ्या राजवाड्याबाबत दोन गोष्टी लक्षात ठेवाव्यात. तो खासगी वास्तू आहे, त्यामुळे आतले दाखवायचे तर परवानगी आधी घ्यावी आणि नाकारली तर बाहेरूनच पुढे जावे. दुसरे म्हणजे काळ्या दगडाचा आणि लाकडी कोरीवकामाचा भोसल्यांचा जुना राजवाडा १८६४ मध्ये जळाला आणि नगारखान्याचा दरवाजा तेवढा राहिला. आजच्या इमारतीकडे बोट दाखवून ‘पहिले रघूजी इथे दरबार भरवत’ म्हणणे चूक आहे. तशीच खालसा झाल्याची तारीख. तिसरे रघूजी डिसेंबर १८५३ मध्ये वारले आणि डलहौसीने १८५४ मध्ये राज्य खालसा केले. ‘१८५७ नंतर’ असे सर्रास सांगितले जाते. भोसले घराण्यातली राणी बाकाबाई १८५७ मध्ये इंग्रजांच्या बाजूने उभी राहिली आणि लोकांनी तिचा राग काळ्या मारबतीत, म्हणजे मिरवून जाळायच्या पुतळ्यात, काढला, ही कथा जरूर सांगावी, पण काळी मारबत १८८१ पासून आणि पिवळी १८८५ पासून निघते हेही त्याच दमात सांगावे, म्हणजे मधली चोवीस वर्षे ऐकणाऱ्याच्या ध्यानात येतात. पोळ्याच्या दुसऱ्या दिवशी मात्र या भागात फेरी ठेवू नये. त्या दिवशी रस्ता मारबतींचा असतो.

रुक्मिणी मंदिर, कल्याणेश्वर मंदिर ही ठिकाणे वाटेत घ्यावीत, प्रत्येकी दहा मिनिटे पुरतात. पुजेची वेळ असेल तर आवाज बंद. पट्ट्यांचे बूट घालून आलेल्यांमुळे प्रत्येक देवळाशी वेळ जातो, म्हणून चपला घालून या, असे आधीच्या संदेशातच लिहावे.

शेवटचा टप्पा जुनी शुक्रवारीकडे, नागनदीकाठी. इथे भोसल्यांच्या छत्र्या आणि काशीबाईंचे देऊळ आहे. बऱ्याच फेऱ्या इथवर येत नाहीत. वास येतो, लोक नाक मुरडतात, म्हणून आयोजक टाळतात. पण नदीचा वास लपवून नदीकाठचे शहर कसे दाखवणार? अंबाझरीकडून निघून शहरभर फिरून ही नदी पुढे कन्हानला मिळते. २३ सप्टेंबर २०२३ च्या पहाटे काही तासांत शंभर मिलिमीटरहून जास्त पाऊस झाला, अंबाझरी ओसंडली आणि काठच्या वस्त्यांत पाणी घुसले. तलावाच्या पाळीवर जो बुजलेला उतार दाखवला, त्याचे दुसरे टोक इथे दिसते. छत्र्यांचे कोरीवकाम दाखवताना दगडाच्या सांध्यांत उगवलेल्या पिंपळाकडेही बोट करावे. ते रोप वरून छाटून भागत नाही. मूळ सांध्यात राहते, जाड होते आणि दगड सरकवते.

आता संख्येचे. एका वाटाड्यामागे पंधरा माणसे, त्याहून जास्त नकोत. पंचवीस झाली की मागच्यांना ऐकू येत नाही, ते आपापसांत बोलू लागतात आणि गल्ली अडते. त्यावर कमरेला लावायचा स्पीकर हा उपाय नाही. सकाळी सातला लोकांच्या खिडकीखाली तो वाजवला की पुढच्या वेळी दारे बंद मिळतात. पंधरांच्या मागे वाट ठाऊक असलेला आणखी एक जण हवा, तो कुणालाही आपल्या मागे राहू देत नाही. एकूण चाल साधारण तीन किलोमीटर, थांबे धरून दोन ते सव्वादोन तास. पाणी प्रत्येकी एक लिटर. स्वच्छतागृहाची सोय कुठे आहे हे आदल्या दिवशी स्वतः जाऊन पाहावे. असलेले उघडे असतेच असे नाही आणि बायकांची अडचण यात सर्वांत आधी होते. एखाद्या मंदिराच्या विश्वस्तांशी किंवा मंगल कार्यालयाशी आधी बोलून ठेवले तर प्रश्न सुटतो. मेट्रोने येणाऱ्यांनी ॲक्वा मार्गावर कॉटन मार्केटला उतरावे, तिथून तलाव चालत जाण्याजोगा आहे. फेरी दुसऱ्या टोकाला संपते, त्यामुळे गाडी तलावाशी लावणाऱ्यांना परत यावे लागेल, हे नोंदणीच्या वेळीच सांगितलेले बरे.

महापालिकेकडे मागणे एकच. पाळीवर, गांधी गेटवर आणि नदीच्या पुलाजवळ जुने-नवे नाव, काळ आणि पाण्याची दिशा दाखवणारा बाण एवढाच मजकूर असलेले मराठी फलक लावावेत. अक्षरे दगडात कोरलेली असावीत. फ्लेक्सचा फलक एका उन्हाळ्यात पांढरा पडतो आणि पुढच्या निवडणुकीत त्यावर दुसरा चढतो.

आपले,
महाल-शुक्रवारी भागात फेऱ्या घेणारे काही वाटाडे,
नागपूर