पुल्यांची खीर झाली म्हणून

मुलचेरा, संक्रांतीची कर

चि. बाबूस अनेक आशीर्वाद.

काल फोनवर म्हणालास, तांदळाच्या पिठीच्या, सारण भरलेल्या पुल्या दुधात विरघळल्या अन् खीरच झाली. होईल नाही तर काय, पीठ थंड पाण्यात भिजवलंस! इथे रेंज धड नाही, म्हणून लिहूनच पाठवते.

पाणी खळखळ उकळू दे, चिमूटभर मीठ टाक, अन् जेवढं पाणी तेवढीच पिठी एकदम ओत. सराट्याने हलवून झाकण ठेव. पाच मिनिटांनी परातीत काढ अन् हाताला चटके बसतात तोवरच मळ. थंड झालं की पारी तडकते. मळलेला गोळा ओल्या फडक्याखाली ठेवायचा. पिठी नव्या तांदळाचीच घे. भाताला नवा तांदूळ गचका होते म्हणून मी नाकं मुरडते, पण इथे तोच चिकटपणा कामाचा. आपल्या एचएमटी तांदळाची कणी दळून पाठवली आहे. हे वाण आपल्या नागभीडकडच्या शेतकरी दादाजी खोब्रागड्यांनी शोधलेलं, तिकडच्या पोरांना सांग जरा.

सारण तुला जमतेच, खोबरं अन् गूळ. पुली बोटाएवढी, पोटात फुगीर, टोकं निमुळती.

दूध आटलं की आच बारीक करून एकेक सोड. सराटा घालू नको. गंज सांडशीने धरून हळूच हलव. दहाएक मिनिटांत वर येतात.

गूळ गॅस बंद केल्यावर, दूध कोमट झालं की. मी पहिल्यांदा उकळत्या दुधातच टाकला होता. दोन लिटर दूध फाटलं! तुझी आजी महिनाभर ऐकवत होती. बाबांनी मात्र दोन वाट्या मुकाट खाल्ल्या.

मग शेजारच्या बंगाली काकीमांनी समोर बसवून शिकवलं. त्यांचे सासरे १९६० च्या दशकात पूर्व पाकिस्तानातून इकडे वसवलेल्या लोकांपैकी. पौष संक्रांतीला त्यांच्याकडे पुली झालीच पाहिजे, अन् तीही खजुरी गुळाची. ते झाड म्हणजे आपली शिंदीच की. आपल्या लोकांना तिच्यातून फक्त प्यायचंच सुचलं, गूळ नाही!

आधी एकच पुली सोडून बघ. फुटली तर पीठ पुन्हा मळ.

काकीमा काल विचारत होत्या, पोराला जमली का? मी म्हटलं, खीर झाली. लय हसल्या.

तुझी आई