तांदूळ वाढले

प्रिय सुधीर,

सप्रेम नमस्कार.

तुझ्या कादंबरीचं बाड पोचलं. पावसानं कोपरे फुगलेत, पण अक्षरं शाबूत आहेत. दोन रात्रींत वाचून काढलं. बोललं की ते खरं होतं असं जग उभं करायचं, ही कल्पना झकास आहे. पण तिसऱ्या प्रकरणापासून एकच गोष्ट छळतेय: तुझ्या जगातली माणसं एवढी बडबड का करतात? राजा गरजतो, डोंगर हलतो. मांत्रिक किंचाळतो, नदी उलटी वाहते. अरे, जिथे शब्द खरा होतो तिथे माणूस तोंड उघडायलाच घाबरेल. गर्जना सोड, भाजीवाल्याशी घासाघीस करतानाही लोक जपून बोलतील.

हे मी कशावरून म्हणतो? मी तशाच घरात लहानाचा मोठा झालो. आजीच्या मते वास्तुपुरुष घरात बसून सारखा 'तथास्तु' म्हणत असतो. नेमकं त्याच क्षणी आपलं वाक्य त्याच्या कानावर पडलं की संपलं. (बघ, 'संपलं' लिहून बसलो.) म्हणून दिवा विझवायचा नाही, त्याला निरोप द्यायचा. नारळ फोडायचा नाही, वाढवायचा. निघताना 'जातो' नाही, 'येतो'. अंधार पडल्यावर साप नाही, जनावर.

मी सहा-सात वर्षांचा असेन. आजी आईला म्हणाली, "अगं, तांदूळ वाढले." मी धावत कोठीच्या खोलीत. पत्र्याच्या डब्याचं झाकण दोन्ही हातांनी ओढून उघडलं. तळाशी मूठभर कणी, बोरिक पावडरचा वास आणि आडवं पडलेलं मापटं. मी ओरडलो, "आजी, तांदूळ संपलेत!" तिनं येऊन आधी माझं तोंड दाबलं, झाकण मग लावलं. संध्याकाळी वाण्याचा पोरगा पिशवी टाकून गेला तेव्हा कुठे तिचा जीव भांड्यात पडला.

पुढे काका गेले. बायका दबक्या आवाजात म्हणाल्या, "बांगड्या वाढवल्या." त्या वेळी मी धावलो नाही.

आता हाच शब्द तुझ्या जगात नेऊन बघ. भात वाढ, मुलगा वाढला, दुकान वाढवलं. एक ताटात पडतं, एक उंच होतं, एक बंद होतं. तुझ्याकडे सासूनं सुनेला "वाढ" म्हटलं तर काय होईल? मला वाटतं तिथे मराठी टिकणारच नाही, किंवा घराघरात एक वैयाकरण पगारावर ठेवावा लागेल.

हसू नकोस, आपल्याकडे याची जुनी गोष्ट आहे आणि तिच्यातही हाच धातू आहे. त्वष्ट्याचा मुलगा विश्वरूप, त्याला इंद्रानं मारलं. त्वष्ट्यानं सूडाचा यज्ञ मांडला आणि अग्नीत आहुती टाकत म्हणाला, 'इंद्रशत्रुर्वर्धस्व'. इंद्राला मारणाऱ्या, वाढ! पण त्या अर्थासाठी उदात्त, म्हणजे चढा, स्वर शेवटच्या अक्षरावर हवा होता. तो पडला पहिल्यावर, आणि समास तत्पुरुषाचा बहुव्रीही झाला: ज्याला मारणारा इंद्र आहे, असा तू वाढ. त्या यज्ञातून निघालेला वृत्र वाढला, बक्कळ वाढला, आणि इंद्राच्याच हातून मेला. शब्द तोच, अक्षरं तीच, फक्त आवाज चुकीच्या जागी चढला. व्याकरण कशासाठी शिकायचं हे सांगताना पतंजलीनं महाभाष्याच्या सुरुवातीलाच ही गोष्ट वापरली आहे. आपल्याला शाळेत समास शिकवताना कुणी सांगितली असती तर मी निदान जागा राहिलो असतो.

म्हणून म्हणतो, तुझा तो बोबडा गुराखी नुसता विनोदाला ठेवू नकोस. त्या जगात तोच सगळ्यांत धोकादायक माणूस आहे. दारूडे, तापात बरळणारे, झोपेत बोलणारे, यांचं काय करतात ते एकदा ठरव.

आणि नावं! तुझ्या लोकांची नावं विक्रमादित्य आणि तेजस्विनी छापाची आहेत. आधीची मुलं जगली नाहीत की आपल्याकडे पुढच्याचं नाव धोंडू, दगडू, केरू ठेवायचे. दगड आणि केर कोण उचलून नेणार? मृत्यूलाही भाषा कळते आणि तिच्यातच त्याला फसवता येतं, हे गृहीतच. देवीचा रोगही तसाच. नुसतं 'आला' नाही म्हणायचं, 'देवी आल्या', पाहुण्या आल्यासारखं अदबीनं. १९८० साली जागतिक आरोग्य संघटनेनं तो रोग जगातून गेल्याचं जाहीर केलं. आमच्या शेजारच्या आजोबांच्या गालावरचे वण मात्र शेवटपर्यंत देवीचेच होते.

दुसरी अडचण अशी की तुझ्याकडे कुणीही बोललं तरी चालतं. तसं नसतं रे. ८ नोव्हेंबर २०१६ ला रात्री आठ वाजता एका माणसानं टीव्हीवर सांगितलं आणि मध्यरात्री माझ्या पाकिटातल्या पाचशेच्या नोटा चलनातून गेल्या. कागद तोच, शाई तीच. हेच वाक्य मी चहाच्या टपरीवर म्हटलं असतं तर टपरीवाल्यानं मागची उधारी काढली असती. तेव्हा कुणाचा शब्द चालतो आणि कुणाचा हवेत जातो, हे आधी ठरव. मला तर कादंबरी तिथेच दिसते. डोंगर हलवणं दुय्यम.

समासात पेन्सिलीनं बरंच गिचमिड केलंय, रागावू नकोस. पान ४१ वर मात्र लाल खूण आहे. तिथे तू सरळ लिहिलंयस, 'राजा मेला.' हे सांगणारा निवेदक त्याच जगातला आहे ना? मग राजाला मारलं कुणी, विषानं की या वाक्यानं? मी दोनदा मागे जाऊन पाहिलं, विषाचा पेला तर भरलेलाच आहे.

वहिनींना नमस्कार, चिंगीला गोड पापा. दिवाळीत दोन दिवस काढून ये.

तुझा,
अविनाश