टीव्हीकडे पाठ करून बसलेल्या काकांना

आदरणीय काका,

तुम्ही येऊन गेलात त्याला आज नऊ दिवस झाले. फोनवर आभार मानायला गेले तर "अहो, त्यात काय एवढं" म्हणून तुम्ही विषय बदललात. म्हणून हे सगळ्यांसमोर लिहिते आहे. नाव घालत नाही, ते तुम्हाला आवडणार नाही. पण वाचल्यावर तुम्हाला कळेल, आणि ज्यांनी आम्हाला वाटेला लावलं त्यांच्यापैकी कुणी वाचलं तर त्यांनाही कळेल.

बाबा शहाऐंशी वर्षांचे आहेत. पस्तीस वर्षं बोटीवर इंजिनात काढली, त्या आवाजाने दोन्ही कान गेले. यंत्र लावलं की नुसता कल्ला ऐकू येतो, शब्द लागत नाहीत, म्हणून ते समोरच्याचे ओठ बघून बोलणं समजून घेतात. गेलं वर्षभर त्यांनी एकच धोशा लावला होता. तरुणपणी परदेशातल्या एका बंदरात, खलाशांच्या क्लबात त्यांनी एक सिनेमा पाहिला होता, तो पुन्हा बघायचा होता. नाव आठवत नव्हतं. काळी-पांढरी फिल्म, शिडाची बोट, फाळक्यात म्हणजे बोटीच्या माल भरायच्या तळघरात कोंबलेले गुलाम, आणि भरलेल्या लाइफबोटीतून माणसांना ढकलणारा एक उंच माणूस, एवढंच आठवत होतं.

एका फिल्म क्लबातल्या गृहस्थांनी मला सांगितलं, असले सिनेमे आता कुणी बघत नाही, वडिलांना भक्तिगीतं लावून द्या. दुसऱ्या एकाने आगाऊ पैसे घेतले आणि तीन महिन्यांनी 'स्लेव्ह शिप' पाठवला. तो १९३७ चा, तोही गुलामांच्या व्यापाराचाच. बाबांनी दहा मिनिटं बघितलं आणि म्हणाले, "ही बोट ती नव्हे." परत फोन केला तर तो माणूस माझ्यावरच खेकसला, की म्हाताऱ्या माणसाला काय फरक कळतो. त्या रात्री बाबा न जेवता झोपले. मला अजून तो आवाज आठवला की अंगाचा तिळपापड होतो.

मग मैत्रिणीच्या दिरांनी तुमचा नंबर दिला. तुम्ही सगळं ऐकून घेतलंत आणि एकच विचारलंत, "बोटीला आग लागते की हिमनग आदळतो?" मी कागदावर लिहून बाबांना दाखवलं. ते ताडकन म्हणाले, "आग! लहान मुलीच्या हातून दिवा पडतो." तुम्ही म्हणालात, "मग तो 'सोल्स ॲट सी'. हेन्री हॅथवेचा. गॅरी कूपर आणि जॉर्ज राफ्ट. माझ्याकडे आहे. रविवारी घेऊन येतो." वर्षभर जे कुणाला जमलं नाही ते तुम्ही एका प्रश्नात केलंत. ज्या खऱ्या बोटीवर हा सिनेमा बेतला आहे ती 'विल्यम ब्राउन' १८४१ साली लिव्हरपूलहून फिलाडेल्फियाला निघाली होती आणि हिमनगावर आदळून बुडाली, आग सिनेमावाल्यांनी घातली, हे तुम्ही मला नंतर चहा पिताना सांगितलंत.

गिरगावातून डोंबिवलीपर्यंत तुम्ही लोकलने आलात, रविवारच्या मेगाब्लॉकमध्ये, वयाच्या बहात्तराव्या वर्षी. त्याचेही आभार आहेतच. पण मी लिहायला बसले ती दुसऱ्याच गोष्टीसाठी.

सिनेमा सुरू झाला. इंग्रजी संवाद, खाली अक्षरं नाहीत. दोन मिनिटांत बाबांचा चेहरा पडला. चित्रं दिसत होती, पण कोण काय बोलतंय ते कळेना. मी मनातल्या मनात स्वतःला शिव्या घालत होते, की हे आधी कसं सुचलं नाही. तुम्ही काही बोलला नाहीत. उठलात, जेवणाच्या टेबलाजवळची खुर्ची उचललीत, टीव्हीच्या शेजारी ठेवलीत आणि बाबांकडे तोंड करून बसलात. पडद्याकडे तुमची पाठ. मला म्हणालात, "ताई, तो दिवा इकडे वळवा, माझ्या तोंडावर उजेड पाहिजे." आणि मग तास-दीड तास नुसतं ऐकून, एकेक वाक्य मराठीत, सावकाश, ओठ नीट हलवून तुम्ही बाबांना सांगत राहिलात. एकदाही मागे वळून पाहिलं नाहीत. इतकी वर्षं जपून ठेवलेला सिनेमा घेऊन तुम्ही एवढ्या लांब आलात आणि त्यातलं एक दृश्य स्वतः बघितलं नाहीत.

सुरुवातीला गुलामांची बोट येते. कप्तान मरतो, कूपरचा टेलर ताबा घेतो आणि बोट मुद्दाम ब्रिटिश गस्तीच्या हाती लागू देतो. तिथे तुम्ही थांबवून बाबांना सांगितलंत, की ब्रिटनने १८०७ सालीच हा व्यापार बंद केला होता, अमेरिकेत १८०८ पासून बाहेरून गुलाम आणायला बंदी होती, तरी पुढे कित्येक वर्षं चोरून बोटी भरून जात होत्या, आणि आफ्रिकेच्या किनाऱ्यावर गस्त घालणाऱ्या आरमाराने दीड लाखाच्या आसपास माणसं सोडवली. बाबा फाळका बघत होते. म्हणाले, "एवढ्याशा जागेत आम्ही मालसुद्धा असा भरला नसता."

मग लाइफबोट. टेलर माणसांना ढकलतो, आणि राफ्टचा पावडा प्रेयसीपाशी बुडत्या बोटीवरच राहतो. बाबांनी तुमचं मनगट धरलं. तुम्ही बोलायचं थांबवलंत. काय झालं म्हणून विचारलं नाहीत, हात सोडवून घेतला नाहीत. सिनेमा पुढे चालू होता, तुम्ही तसेच बसून होतात. बाबांनी मान हलवल्यावर पुन्हा सुरू केलंत. मी स्वयंपाकघराच्या दारात उभी होते, मला पुढचं नीट दिसलं नाही.

लाइफबोटीतून माणसांना ढकलल्याबद्दलच्या खऱ्या खटल्यात होम्स नावाच्या खलाशाला १८४२ साली फिलाडेल्फियाच्या कोर्टाने सहा महिने कैद आणि वीस डॉलर दंड दिला, हे ऐकून बाबा बराच वेळ गप्प होते. मग विचारलं, "आणि त्या फाळक्यातल्यांचं काय झालं?" तुम्ही म्हणालात, सिनेमा ते सांगत नाही, तो नायकाच्याच मागे जातो. मग तुम्हीच सांगितलंत. तिकडे सोडवलेल्यांना बहुतेक करून सिएरा लिओनमध्ये फ्रीटाऊनला उतरवत. इकडे आपल्या समुद्रात अरबी गलबतांवरून सोडवलेली किती तरी मुलं मुंबईत आली, आणि त्यातली काही नाशिकला शरणपूरच्या मिशनमध्ये वाढली. तिथलाच जेकब वेनराइट १८७४ साली आफ्रिकेत फिरणाऱ्या संशोधक लिव्हिंग्स्टनचं शव घेऊन इंग्लंडला गेला. काका, माझं आजोळ नाशिकचं. शरणपूर रोडवरून मी लहानपणी शंभरदा गेले असेन. हे मला कुणी सांगितलं नव्हतं.

चांगुलपणा म्हटलं की लोकांना देणग्या, सत्कार, फोटो आठवतात. मला आता तुमची ती खुर्ची आठवते. समोरच्याला काय कमी पडतंय ते न विचारता ओळखायचं, आणि त्याला ओशाळं न करता ते भरून काढायचं. अशी माणसं आहेत म्हणून म्हाताऱ्या माणसांना घेऊन जगात वावरता येतं. एरवी प्रत्येक खिडकीवर, प्रत्येक फोनवर आम्हाला "त्यांना काय कळतंय" हेच ऐकावं लागतं.

तुम्ही गेल्यावर बाबा गॅलरीत बसले होते. अंधार पडल्यावर त्यांनी मला हाक मारली आणि एका आगवाल्याबद्दल सांगितलं. वादळात तो बोटीवरून पडला, बोट फिरवून चार तास शोधलं आणि मग पुढे निघून गेले. आईलासुद्धा त्यांनी हे कधी सांगितलं नव्हतं. त्या मुलाचं नाव, गाव, त्याच्या घरी कोण कोण होतं, सगळं त्यांना पाठ आहे. बाकीचं मी इथे लिहीत नाही, ते त्यांना तुमच्याशी बोलायचं आहे. रोज विचारतात, गिरगावचे ते गृहस्थ परत कधी येणार.

तर पुढच्या रविवारी या. मेगाब्लॉक असला तर कळवा, भाचा गाडी घेऊन येईल. येताना सिनेमाही आणा. संवाद मी दोन दिवस आधी ऐकून लिहून ठेवीन, दिव्यासमोरच्या खुर्चीत मी बसेन. तुम्ही बाबांच्या शेजारी सोफ्यावर बसा आणि सिनेमा बघा.

तुमची,
डोंबिवलीची ताई