दालिओंची अर्ध्या वाक्यात बोळवण

माननीय संपादक महोदय,
स. न. वि. वि.

रविवारच्या पुरवणीतील ‘कासाब्लांका’वरील लेख वाचला. इन्ग्रिड बर्गमन यांच्या वेशभूषेला आपल्या लेखकाने एक अख्खा परिच्छेद बहाल केला, त्याबद्दल माझी काही तक्रार नाही. मात्र त्यातील फ्रेंच नट मार्सेल दालिओ यांची ‘रुलेटच्या टेबलावरचा एक फ्रेंच इसम’ अशी अर्ध्या वाक्यात बोळवण केलेली पाहून राहवले नाही. त्या चित्रपटाच्या श्रेयनामावलीत दालिओंचे नाव नाही, हे खरे. पण हॉलिवूडच्या स्टुडिओने १९४२ साली जे केले तेच आपणही इतक्या वर्षांनी इमानेइतबारे करावे, याचे नवल वाटते.

हा ‘इसम’ १९३७ साली फ्रेंच दिग्दर्शक ज्याँ रन्वार यांच्या ‘ला ग्रांद इल्युझियाँ’मध्ये रोझेन्थालच्या, म्हणजे घरून आलेले खाऊचे डबे सगळ्या युद्धकैद्यांना वाटणाऱ्या सधन ज्यू सैनिकाच्या, भूमिकेत होता आणि दोनच वर्षांनी त्याच दिग्दर्शकाच्या ‘ला रेग्ल द्यु ज्यू’मध्ये चक्क मार्की झाला. ज्यू नटाने फ्रेंच सरदार रंगवावा, हे तेव्हा पॅरिसमध्ये अनेकांच्या पचनी पडले नव्हते. रन्वारही असे खट, की नोकरांच्या जेवणाच्या प्रसंगात मार्कीच्या आजोळचे आडनाव त्यांनी रोझेन्थालच ठेवले. त्यावर नोकरमंडळी कुजबुजत असताना स्वयंपाकी मात्र धन्याची बाजू घेतो, कारण सॅलडसाठीच्या बटाट्यांवर ते गरम असतानाच व्हाइट वाइन ओतायला हवी, हे जाणणारा तो एकटाच खरा खानदानी!

काही वर्षांपूर्वी आमच्या गावातील एका फिल्म क्लबने हा चित्रपट दाखवला. मार्की पाहुण्यांसमोर आपला नवा यांत्रिक ऑर्गन उघडून दाखवतो, त्या वेळी कॅमेरा दिव्यांवरून आणि रंगीत बाहुल्यांवरून सरकत त्याच्या चेहऱ्यावर येऊन थांबतो. त्या चेहऱ्यावर नवे खेळणे मिळालेल्या पोराचा अभिमान आणि त्याच क्षणी आपण फार मिरवतो आहोत की काय, हा संकोच, असे दोन्ही भाव असतात. रन्वार स्वतः या शॉटची गणना आपल्या उत्तमोत्तम शॉटमध्ये करत. चित्रपटानंतर वक्ते महाशय कॅमेऱ्याच्या हालचालींवर तासभर बोलले, पण ज्या चेहऱ्यापाशी तो कॅमेरा थांबला त्याच्या मालकाचे नाव काही त्यांच्या तोंडी आले नाही. मी हात वर केला, तर संयोजकांनी ‘वेळ संपली, चहा तयार आहे’ असे सांगून मला गप्प केले. चहा गार होता, हे जाता जाता नमूद करतो.

पुढचे तरी लेखात यायला हवे होते, कारण लेखाचा मथळाच ‘निर्वासितांचा चित्रपट’ असा होता. १९४० साली जर्मन पॅरिसमध्ये शिरण्याआधी दालिओ आपली तरुण पत्नी मादलेन लबो यांच्यासह निघाले, लिस्बनला पोहोचले आणि बोटीने मेक्सिकोपर्यंत गेल्यावर त्यांना कळले, की हातातील चिलीचे व्हिसा बनावट आहेत. इकडे नाझींनी ‘ज्यू कसा ओळखावा’ हे लोकांना शिकवण्यासाठी दालिओंचाच फोटो पोस्टरवर छापून पॅरिसच्या भिंतींवर चिकटवला. त्यांचे कुटुंबीय छळछावण्यांत मारले गेले. ‘कासाब्लांका’त ‘मार्सेयेज’ हे फ्रेंच राष्ट्रगीत गाताना रडणारी इव्हॉन म्हणजेच मादलेन लबो, आणि चित्रीकरणाच्याच सुमारास या पतिपत्नींचा संसार मोडत होता. असा माणूस त्या पडद्यावर रुलेटच्या जुगारात बावीस आकड्यावर चेंडू थांबवतो आणि पोलीसप्रमुख कॅप्टन रेनोच्या हातावर त्याच्या जिंकलेल्या नोटा अदबीने ठेवतो. हे प्रसंग काही क्षणांचेच आहेत म्हणून त्यांतील नटही तेवढाच, असा हिशेब आपल्या लेखकाने केलेला दिसतो.

युद्धानंतर दालिओ मायदेशी परतले आणि पुढेही फ्रान्स व हॉलिवूड अशा दोन्हीकडे मिळेल ती लहानमोठी भूमिका करत राहिले. ज्या पॅरिसच्या भिंतींवर तो फोटो लागला होता, त्याच पॅरिसने १९७३ साली ‘रॅबाय जेकब’मध्ये त्यांना खऱ्याखुऱ्या रॅबायच्या, म्हणजे ज्यू धर्मगुरूच्या, भूमिकेत पाहिले आणि चित्रपट डोक्यावर घेतला. १९८३ साली ते वारले.

जागेअभावी हे सारे गाळावे लागले, असे उत्तर कृपया देऊ नये. त्याच पानाचा खालचा अर्धा भाग सदनिकांच्या जाहिरातीने व्यापला होता आणि शब्दकोडे तर सलग दुसऱ्या रविवारी उत्तरांशिवायच छापले गेले.

आपला,
एक जुना वर्गणीदार, पुणे